इस्माईल आणि इश्मेल

कवी म्हटला की लोक त्याच्याकडे हमखास दोन गोष्टी मागतात. घरात लग्न असेल तर मंगलाष्टका आणि बाळ झाले असेल तर नाव. मंगलाष्टका मी बऱ्याच लिहून दिल्या. एकदा त्या छापलेल्या कागदाखाली माझे नाव वाचून एका वरपित्याने मला मांडवातच विचारले होते, 'म्हणजे हे तुम्हीच लिहिलंत?' मी हो म्हटले. त्यावर ते म्हणाले, 'शार्दूलविक्रीडित अगदी बरोबर आहे हो.' ती दाद मी अजून जपून ठेवली आहे.

नावांचे काम मात्र मला जास्त आवडते. त्यामुळे परवा माझ्या कॉलेजच्या मित्राचा फोन आला तेव्हा मी खुशीत होतो. त्याचा मुलगा इंग्लंडमध्ये आहे, नातू तिथल्या शाळेत जातो. मित्र म्हणाला, 'अरे, नातवाच्या वर्गात एक मुलगा आहे. गोरा, पक्का इंग्रज. नाव इश्मेल. आमची सूनबाई म्हणते, असलं नाव तिनं तिकडेही कधी ऐकलं नव्हतं. तू नावांमधला माणूस. हे कसलं नाव?'

मी म्हणालो, 'हे माझ्या मामूचं नाव.'

तो हसला. त्याला वाटले, मी थट्टा करतो आहे. पण ते खरे होते. इंग्रजीतले इश्मेल, मराठी बायबलातले इश्माएल आणि आमच्या जुन्या नाशकात दूधबाजारात उभे राहून हाक मारली तर चारजण वळून पाहतील ते इस्माईल, ही तिन्ही एकच. फोनवर एवढेच सांगून मी थांबलो. बाकीचे आज सांगतो.

मूळ शब्द हिब्रू. त्याचे दोन तुकडे होतात. पहिल्यात 'ऐकणे' हा धातू आहे आणि दुसरा 'एल', म्हणजे देव. देव ऐकतो, देव ऐकेल, असा त्याचा अर्थ. हा 'एल' तुम्हांला डॅनिएलमध्ये भेटेल, मायकेलमध्ये भेटेल, इस्रायलमध्ये भेटेल. आमच्या जिब्राईल आणि मिकाईल या फरिश्त्यांच्या नावांतही तोच आहे. आणि ऐकण्याचा जो धातू आहे, त्याचा सख्खा भाऊ अरबीत आहे. नमाजमध्ये रुकूतून उठताना इमाम जे वाक्य म्हणतो त्याचा पहिला शब्द 'समिअ', म्हणजे ऐकले. मुलांचे 'समी' हे नाव त्याच धातूचे, ऐकणारा. म्हणजे इस्माईल या नावाचा अर्धा भाग दिवसातून पाच वेळा आमच्या कानांवर पडतो.

मराठीत याला अगदी जवळचे नाव कोणते, असे मला विचारलेत तर मी 'नवसू' म्हणेन. आपल्या जिल्ह्यातल्या खेड्यापाड्यांत नवसू, नवशा, नवसाबाई ही नावे जुन्या पिढीत किती तरी आहेत. मागितले, देवाने ऐकले, मूल झाले. नावातच पावती. याच्या उलट टोकाला दगडू, धोंडू, केरू. मुले जगत नाहीत म्हणून दैवाच्या नजरेत भरू नये असे नाव ठेवायचे. दोन्हींच्या मागे आईची भीती एकच.

माझ्या नानीने पहिला मार्ग धरला. माझी आई सगळ्यांत मोठी. तिच्या पाठची तीन मुले एकामागून एक गेली. मग नानी दर गुरुवारी पिंजारघाटावरच्या बड्या दर्ग्यात जाऊन बसू लागली. चौथा मुलगा झाला, वर्षभर जगला, दात आले, चालू लागला, तेव्हा कुठे तिने त्याला नावाने हाक मारायला सुरुवात केली. तोपर्यंत तो नुसता 'मुन्ना' होता. इस्माईल हे नाव मौलवीसाहेबांनी सुचवले आणि अर्थही सांगितला. नानीला लिहिता-वाचता येत नव्हते, पण तो अर्थ तिने शेवटपर्यंत सगळ्यांना ऐकवला.

हे इस्माईलमामू आज ऐंशीच्या पुढे आहेत आणि त्यांना कमी ऐकू येते. घरात त्यावरून विनोद चालतात. मामू म्हणतात, 'ऐकायचं काम ज्याच्याकडे आहे तो ऐकतोय. मी कशाला ऐकू?'

आता प्रश्न असा की इतक्या चांगल्या अर्थाचे नाव इंग्रजांत दुर्मीळ का? बायबलमधली नावे तर त्यांनी भरभरून घेतली. जॉन, जेम्स, थॉमस होतेच. सोळाव्या शतकात धर्मसुधारणा झाली, बायबल इंग्रजीत घरोघर वाचले जाऊ लागले, तेव्हा सॅम्युएल, बेंजामिन, जोसेफ, आयझॅक अशी जुन्या करारातली नावेही पाळण्यापर्यंत पोहोचली. इश्मेल त्या रांगेत मागेच राहिला. कारण त्याची गोष्ट.

ती गोष्ट थोडक्यात अशी. अब्राहामाची बायको सारा हिला मूल नव्हते. तिची एक मिसरी दासी होती, मराठी बायबलात तिला हागार म्हटले आहे, आम्ही तिला बीबी हाजरा म्हणतो. अब्राहामापासून हागारला दिवस गेले. मालकिणीने छळ मांडला, तेव्हा ती पळून गेली. रानात एका झऱ्यापाशी देवदूत तिला भेटला आणि म्हणाला, तुला मुलगा होईल, त्याचे नाव इश्माएल ठेव, कारण तुझे दुःख देवाने ऐकले आहे. पण तिथेच असेही भाकीत आहे की हा रानगाढवासारखा माणूस होईल, त्याचा हात सगळ्यांवर आणि सगळ्यांचा हात त्याच्यावर. पुढे साराला स्वतःचा मुलगा झाला, इसहाक. मग दासी आणि तिचा पोर यांना भाकरी आणि पाण्याची पखाल देऊन घराबाहेर काढण्यात आले. पाणी संपले. आईने मुलाला झुडपाखाली टाकले आणि त्याचे मरण डोळ्यांना दिसू नये म्हणून ती दूर जाऊन बसली. तेव्हा देवाने मुलाचे रडणे ऐकले. नाव पुन्हा एकदा खरे झाले.

हीच तहान आमच्याकडे अशी सांगतात की बीबी हाजरा पाण्यासाठी सफा आणि मरवा या दोन टेकड्यांमध्ये सात वेळा धावली आणि बाळाच्या पायाशी जमजमचा झरा फुटला. हजला गेलेला प्रत्येक माणूस, मग तो राजा असो की रिक्षावाला, आजही त्या दासीच्या पावलांवरून सात फेऱ्या मारतो. इस्माईल मोठा होतो, बापाबरोबर काबाच्या भिंती उभारतो. कुराणात त्याला वचनाचा सच्चा म्हटले आहे. बकरी ईदची गोष्ट तुम्हांला माहीत असेलच.

तर एकाच मुलाच्या दोन कथा. एका घरात तो वारसा न मिळालेला, हाकललेला. दुसऱ्या घरात तो घर बांधणारा. इंग्रजांनी पहिल्या घरातून नाव ऐकले. त्यांच्या शब्दकोशात तर 'इश्मेल' हा साधा शब्द म्हणूनही आला: समाजाने टाकलेला, जगाशी ज्याचे जमत नाही असा माणूस. अमेरिकन लेखक हर्मन मेलव्हिल याने १८५१ साली 'मोबी डिक' ही देवमाशाच्या शिकारीची कादंबरी लिहिली, तिच्यातला निवेदक स्वतःची ओळख याच नावाने करून देतो. ना घर ना दार असा तो समुद्रावर भटकणारा खलाशी आहे आणि जहाज बुडते तेव्हा तो एकटा वाचतो. इंग्रजी वाचणाऱ्या जगाला हे नाव आज माहीत आहे ते मुख्यतः त्याच्यामुळे. माझी बी.ए.ची पदवी मराठीची. ही कादंबरी मी फार उशिरा आणि धापा टाकत वाचली, हे कबूल करतो. देवमाशांच्या जातींची प्रकरणे मी सोडून दिली.

यहुद्यांनी मात्र हे नाव टाकले नव्हते. इसवीच्या दुसऱ्या शतकात रब्बी इश्माएल नावाचे मोठे धर्मपंडित होऊन गेले. स्पेनमध्ये 'इस्माएल' हे नाव सर्रास असते. आफ्रिकेतही. सिएरा लिओनमधला इश्मेल बेआ, ज्याला लहानपणी बंदूक हातात देऊन यादवी युद्धात ढकलले होते, त्याचे आत्मकथन २००७ साली आले आणि ते जगभर वाचले गेले. आपल्या मुंबईकडे बघायचे तर जोगेश्वरीच्या टेकडीवरचे १९३० सालचे इस्माईल युसुफ कॉलेज. म्हणजे नाव दुर्मीळ आहे ते इंग्रजांच्या घरात.

आणि तरीही हे नाव इंग्रजी वळणाने आपल्या नाशकात एकदा येऊन गेले आहे. शरणपूर रोडवर रोज ये-जा करणाऱ्यांना ते माहीत नसते. मलाही नव्हते.

शरणपूर हे नावच किती बोलके आहे पाहा. चर्च मिशनरी सोसायटीचे काम नाशकात १८३२ पासून होते. त्यांच्यातल्या विल्यम सॉल्टर प्राइस या पाद्र्याने १८५४-५५च्या सुमारास नाशिक शहराबाहेर ख्रिस्ती झालेल्या लोकांसाठी एक वस्ती वसवली. शरण आलेल्यांचे पूर. थोड्याच वर्षांत तिथे वेगळेच शरणार्थी येऊ लागले. पूर्व आफ्रिकेच्या किनाऱ्यावरून गुलामांनी भरलेली गलबते अरबस्तानाकडे, इराणी आखाताकडे जात. इंग्रजांची लढाऊ जहाजे ती पकडत आणि सुटका झालेल्या माणसांना मुंबईला आणून उतरवत. त्यांत मुले पुष्कळ. आईबाप कुठल्या बाजारात गेले ते कळायला मार्ग नाही, परत पाठवावे तर गावच जळलेले. अशी मुले शरणपूरच्या आफ्रिकी आश्रमात आली. इथे ती इंग्रजी शिकली, सुतारकाम शिकली, लोहारकाम शिकली. पूर्व आफ्रिकेच्या इतिहासात त्यांना 'नासिक बॉइज' म्हणतात. लिव्हिंगस्टन आपल्या शेवटच्या सफरीवर १८६६ साली निघाला तेव्हा त्याच्याबरोबर नाशिकची नऊ मुले होती. १८७३ साली तो वारला तेव्हा ज्या झाडाखाली त्याचे काळीज पुरले त्या झाडावर अक्षरे कोरणारा जेकब वेनराइट हाही नाशिकचाच. पुढे लंडनला वेस्टमिन्स्टर ॲबेमध्ये दफनविधी झाला, त्या वेळी शवपेटीबरोबर चालणाऱ्या मानकऱ्यांत तो होता. ही तारीख १८ एप्रिल १८७४.

या मुलांची नावे मी वहीत उतरवून घेतली आणि त्यांच्यापाशी बराच वेळ बसलो. वेनराइट म्हणजे बैलगाडी, घोडागाडी तयार करणारा सुतार. केरस फरार नावाचा एक होता. फरार म्हणजे मुळात लोहार. सुतारकाम-लोहारकाम शिकलेल्या पोरांना सुतार-लोहार अशी आडनावे, पण तो योगायोगच. फरार हे नाशकातल्या पहिल्या मिशनऱ्याचे आडनाव होते. (त्याच पाद्र्याच्या मुंबईत जन्मलेल्या मुलाने पुढे १८५८ साली 'एरिक' नावाची शाळकरी मुलांची कादंबरी लिहिली आणि तिच्यामुळे एरिक हे विसरले गेलेले नाव इंग्लंडात पुन्हा चालू झाले, असे नामकोशवाले सांगतात. नावांचे धागे कुठून कुठे जातात!) आणि 'केरस' हेही इंग्रजीत अगदी विरळा नाव. लॅटिनमध्ये त्याचा अर्थ प्रिय, लाडका. आमच्याकडे त्याला अझीझ म्हणतील. रिचर्ड रटन, बेंजामिन रटन असेही दोघे होते. हा रटन म्हणजे आपला रतन असावा, असे मला वाटते. त्याच मिशनमध्ये रतनजी नवरोजी नावाचे, पारशी घरातून आलेले धर्मोपदेशक होते.

आणि याच वहीत इश्मेल सेमलर.

त्याला हे नाव देणाऱ्या पाद्र्याने काय विचार केला असेल? बायबलातली नावे एकामागून एक वाटत जाताना हे त्याच्या वाट्याला आले, असेही असेल. पण मला वाटते, देणाऱ्याला गोष्ट ठाऊक होती. दासीचा मुलगा. घरातून काढलेला. पाण्यावाचून मरायला टेकलेला आणि वाचलेला. जे नाव इंग्रज आईबाप आपल्या पोराला देत नव्हते, ते गुलामगिरीतून सुटलेल्या एका काळ्या मुलाला शोभते, असे त्याला वाटले असेल. त्यात माया होती की हिशेब होता, हे मी आज ठरवू शकत नाही. दोन्ही असतील. नाव देण्याआधी त्या मुलाला नाव होते, ही गोष्ट मात्र राहतेच. त्याच्यासारख्याच एका मुलाचे, मॅथ्यू वेलिंग्टनचे, मूळ नाव चेंग्विम्बे. तो मोंबासाला १९३५ पर्यंत जगला, त्यामुळे ते नाव लोकांनी लिहून ठेवले. बाकी बहुतेकांच्या आयांनी ठेवलेल्या नावांची कुणी नोंदच केली नाही.

पाद्र्यांवर एकट्यांवर बोट ठेवून मला मोकळे होता येत नाही. ज्याने खडकी वसवली, ज्याने जहांगीरच्या फौजांना दमवले, तो मलिक अंबर हबशी देशातला. आईबापांनी त्याचे नाव चापू ठेवले होते. बगदादच्या एका मालकाने त्याला मुसलमान केले आणि अंबर हे नाव दिले. अंबर हे सुगंधी द्रव्य. याकूत म्हणजे माणिक. गुलामांना अत्तरांची आणि रत्नांची नावे द्यायची आमच्याकडे रीत होती. ऐकायला किती सुंदर! पण अत्तर आणि माणिक या विकत घ्यायच्याच वस्तू ना?

इश्मेल सेमलर मोठा झाल्यावर पूर्व आफ्रिकेत परत गेला, मोंबासाजवळच्या रबाई या मिशनच्या गावी. त्याच्याबरोबर विल्यम जोन्स होता, तोही शरणपूरचाच. दोघे तिथे शिकवत, उपदेश करत, पळून आलेल्या गुलामांना आसरा देत. ३१ मे १८८५ रोजी बिशप हॅनिंग्टन यांनी या दोघांना एकाच दिवशी दीक्षा दिली. नाशकात वाढलेले दोन गुलाम रेव्हरंड झाले.

जोन्सचे पुढचे सांगायलाच हवे, कारण तिथेही एक नाव येते. त्याच वर्षी बिशप युगांडाकडे निघाले, जोन्स बरोबर होता. ऑक्टोबरात बिशपनी त्याला मोठ्या काफिल्यासह मागे ठेवले आणि पन्नासेक माणसे घेऊन ते पुढे गेले. २९ ऑक्टोबर १८८५ रोजी युगांडाच्या राजाच्या हुकमाने बिशप आणि त्यांची बहुतेक सगळी माणसे मारली गेली. निसटलेल्या चौघांनी ही बातमी जोन्सला आणून दिली. उरलेल्या दोनशेच्या आतबाहेर उपाशी, फाटक्या माणसांना घेऊन तो १८८६च्या सुरुवातीला रबाईला परत आला. काफिल्याच्या पुढे एक निळा झेंडा होता आणि त्यावर पांढऱ्या अक्षरांत एकच शब्द: इकाबोड. मराठी बायबलात ईखाबोद. हेही मुलाचेच नाव आहे बरे का. युद्धात देवाचा कोश शत्रूने नेला, नवरा पडला, सासरा गेला, त्या बातमीने एका बाईला वेळेआधी कळा आल्या आणि मरता मरता तिने बाळाचे नाव ठेवले ईखाबोद, वैभव गेले. इंग्रजीत हे नाव इश्मेलपेक्षाही विरळा, आणि ते ठेवूही नये. पण हत्तींच्या आणि लुटारूंच्या मुलखातून चालत आलेल्या त्या माणसाला आपले दुःख सांगायला दुसरा शब्द सापडला नसेल. रबाईतल्या लोकांनी दुरून झेंडा पाहिला आणि ते समजले.

नाव दुरूनही बोलते. याचा एक घरचा दाखला आहे. मामूंचा मुलगा समीर. हे नाव मामूंनी मुद्दाम निवडले, कारण ते दोन्हींकडे चालते. संस्कृतात समीर म्हणजे वारा, अरबीत रात्री गप्पांना सोबत करणारा मित्र. काही वर्षांपूर्वी कामाच्या सोयीसाठी तो एका चांगल्या वस्तीत खोली बघत होता. फोनवर भाडे ठरले, अनामत ठरली. मालकांनी कागदासाठी पूर्ण नाव विचारले. आपल्या मराठी रीतीप्रमाणे त्याने आधी स्वतःचे, मग वडिलांचे, मग आडनाव सांगितले. वडिलांच्या नावापाशी पलीकडे क्षणभर शांतता झाली. मग ते गृहस्थ अतिशय सभ्यपणे म्हणाले, 'अहो, माफ करा, ती खोली आमच्या मिसेसनी सकाळीच कुणाला तरी कबूल केली आहे.' समीरने हे घरी हसत हसत सांगितले. मामूंना ऐकू आले नाही, असे आम्ही सगळ्यांनी धरून चाललो. ती वस्ती शरणपूर रोडपासून फार दूर नव्हती.

मित्राचा फोन आला त्याच आठवड्यात मी मामूंकडे गेलो होतो. त्यांच्या कानाशी जाऊन, मोठ्याने, त्यांना सेमलरची सगळी गोष्ट सांगितली. गुलामांचे गलबत, आपले शरणपूर, रबाई, दीक्षा. त्यांनी मधेच विचारले, 'त्याचं नाव त्याच्या आईनं ठेवलेलं नव्हतं ना?' मी म्हटले, नाही. ते बराच वेळ गप्प बसले. मग म्हणाले, 'लिहून दाखव.'

मी वहीच्या पानावर मोठ्या इंग्रजी अक्षरांत ते नाव लिहिले. मामूंची इंग्रजी बँकेतल्या सहीपुरती आहे, पण ती सही ते अगदी सावकाश आणि सुवाच्य करतात. त्यांनी चष्मा लावला, पान उजेडाकडे धरले आणि एकेका अक्षरावर बोट ठेवत शेवटपर्यंत गेले.

'एक एच जास्त आहे,' ते म्हणाले, 'आणि आयच्या जागी ई. बाकी बरोबर आहे.'